अर्धांगवायूनंतरचे व्यायाम: लुळ्या हाताकडे लक्ष कधी गेलं?

अर्धांगवायूचा झटका आलेल्या माणसाला घरी आणलं की तो हळूहळू चांगल्या हातानेच सगळं करू लागतो. लुळा हात पोटाशी पडून राहतो. घरच्यांना वाटतं, चला, निदान स्वतःच्या हाताने जेवतोय. विसाव्या शतकात बराच काळ डॉक्टरांचाही विचार असाच होता: मेंदूचा मेलेला भाग काही परत येत नाही, तेव्हा चांगल्या बाजूवर भागवावं. स्पॅनिश शास्त्रज्ञ सांतियागो रामोन इ काखाल यांनी १९१३-१४च्या आपल्या ग्रंथात लिहिलं होतं की, प्रौढ मेंदूतले मार्ग ठरून गेलेले असतात. हा कठोर निकाल पुढचं विज्ञान कदाचित बदलेल, अशी आशाही त्यांनी तिथेच व्यक्त केली होती.

नाझी राजवटीमुळे लंडनला आलेल्या फिजिओथेरपिस्ट बेर्टा बोबाथ यांनी १९४०च्या दशकात लुळ्या बाजूवरच काम सुरू केलं. ताठरपणा आधी कमी करा, मग हालचाल सुटेल, असं त्या सांगत. अमेरिकेतल्या सिग्ने ब्रुन्स्ट्रॉम यांच्या मते मात्र ताठरपणा हा बरं होण्यातलाच एक टप्पा होता. पुढच्या चाचण्यांत बोबाथ पद्धत इतरांपेक्षा सरस ठरली नाही, पण लुळी बाजू सोडून द्यायची नाही हा आग्रह टिकला.

त्याला भक्कम आधार मिळाला तो अमेरिकी मानसशास्त्रज्ञ एडवर्ड टॉब यांच्या प्रयोगांतून. माकडाच्या एका हाताच्या संवेदना नेणाऱ्या नसा कापल्या, तर ते तो हात वापरायचं सोडून देई. चांगला हात बांधला की तोच ‘निकामी’ हात घास उचलू लागे. सुरुवातीला जमत नाही म्हणून सोडलेला हात पुढे जमण्यासारखा झाला, तरी सवयीने पडून राहतो, असा अर्थ टॉब यांनी काढला. हे ज्ञान प्राण्यांच्या यातनांतून आलं आहे. १९८१ मध्ये मेरीलँडमधल्या त्यांच्या प्रयोगशाळेवर पोलिसांनी छापा घातला आणि अमेरिकेत मोठा वाद झाला. माणसांवरची मोठी चाचणी २००६ मध्ये प्रसिद्ध झाली: २२२ रुग्ण, दोन आठवडे, चांगल्या हातावर जाड मोजा आणि लुळ्या हाताचा दिवसाला सहा तासांपर्यंत सराव. हात सुधारले. मात्र बोटं थोडी तरी हलणाऱ्यांनाच ही पद्धत लागू पडते. घाईचीही एक मर्यादा दिसली. झटक्यानंतर पहिल्या २४ तासांत रुग्णाला वारंवार उठवण्याने निकाल उलट थोडे खालावले, असं २०१५च्या चाचणीत आढळलं.

आपल्याकडे फिजिओथेरपी आली ती पोलिओमुळे. मुंबईतल्या साथीनंतर १९५०च्या दशकाच्या सुरुवातीला, जागतिक आरोग्य संघटनेच्या मदतीने, केईएम रुग्णालयात प्रशिक्षण सुरू झालं. १९५५ मध्ये हाजी अलीला पुनर्वसनाची राष्ट्रीय संस्था उभी राहिली. तरी लहान गावांत आजही अनेकांच्या वाट्याला तेलाची मालिशच येते.

मग घरच्यांनाच शिकवलं तर? भारतातल्या १४ रुग्णालयांत १,२५० रुग्णांवर हे करून पाहिलं गेलं. २०१७चा निकाल निराश करणारा होता: घरच्यांना शिकवलेला गट आणि नेहमीचेच उपचार मिळालेला गट, सहा महिन्यांनी दोन्हींत ४७ टक्के रुग्ण दगावलेले किंवा परावलंबी होते. यात घरच्यांचा दोष काढणं मला अन्यायाचं वाटतं. शेतावर किंवा नोकरीला जाणाऱ्या माणसाने रोज तासन्‌तास सराव करून घ्यायचा कधी? ते काम पगारी, शिकलेल्या थेरपिस्टचं आहे आणि ती जागा तालुक्याच्या रुग्णालयात हवी.