‘बाळासाठी बारीक मणी द्या’ म्हणण्याआधी हे वाचा

द्राक्षांची मागणी सुरू झाली की एक निरोप हमखास येतो: ‘घरात लहान बाळ आहे, बारीक मण्यांचीच पाठवा.’ आम्ही नेहमीसारखा टपोऱ्या मण्यांचा डबा पाठवला, तर संध्याकाळी फोन येतो, ‘एवढे मोठे मणी बाळाला द्यायचे कसे?’ मग डबा परत येतो, आमच्या माणसाची दुसरी फेरी होते आणि हाताळून हाताळून निम्मे मणी देठावरून सुटतात. म्हणून यंदा हे पत्रक डब्यातच टाकतो आहोत. वाचून झालं की टाकून देऊ नका, बाळाला सांभाळणाऱ्या सगळ्यांच्या हाती द्या.

आमचं म्हणणं थोडक्यात असं: मणी बारीक असो की टपोरा, तो अख्खा बाळाच्या तोंडात जाता कामा नये. आणि कापूनच द्यायचा, तर मग टपोराच बरा.

तान्ह्या बाळाची श्वासनलिका आतून साधारण 5 मिलिमीटर रुंद असते. आमच्याकडचा सगळ्यात बारीक मणीही त्याहून मोठाच भरतो. म्हणजे ‘बारीक आहे, अडकला तरी निसटेल’ हा हिशेब मुळातच चुकतो. शिवाय द्राक्ष गुळगुळीत, गोल आणि दाबलं की आकार बदलणारं. वेडावाकडा कडक तुकडा अडकला तर कडेने थोडी तरी हवा जाऊ शकते. द्राक्ष मात्र बाटलीच्या तोंडाला बूच बसावं तसं चहूबाजूंनी घट्ट बसतं आणि सहजी सुटत नाही. त्यातून बाळाला आधी येतात ते पुढचे दात. त्यांनी चावा घेता येतो, चावून बारीक करता येत नाही. दाढा एक वर्षानंतर यायला लागतात आणि मागच्या दाढा येईतो मूल अडीच-तीन वर्षांचं होतं. पुढच्या दातांखालून ओला मणी सटकला की सरळ घशाकडे जातो.

बारीक मण्यात उलट दोन तोटे. तो बोटांत धरून नीट कापता येत नाही, म्हणून घाईत ‘जाऊ दे, एवढासा तर आहे’ म्हणून तसाच दिला जातो. आणि बारीक मणी बाळ एकदम दोन-तीन तोंडात कोंबतं. म्हणूनच ‘बाळासाठी बारीक’ असा वेगळा डबा आम्ही काढत नाही. विकला गेला असता, हे आम्हालाही कळतं. पण तो काढला तर आम्हीच चुकीची समजूत पक्की केल्यासारखं होईल.

कापायचं कसं

मणी हातात घेऊन पाहा. देठ जिथून तुटला तिथे एक बारीकशी खळगी दिसेल. सुरी त्या खळगीतून खालच्या टोकापर्यंत, म्हणजे उभी चालवा. दोन अर्धुकं झाली. प्रत्येक अर्धुक सपाट बाजूवर पालथं ठेवा आणि पुन्हा उभं कापा. चार लांबट फोडी मिळतील. मणी फार मोठा असेल तर फोडी आणखी बारीक करा.

आडवं कापू नका. सर्वाधिक घोटाळा इथेच होतो. ‘आम्ही कापूनच देतो’ असं सांगणाऱ्यांना कसं कापता विचारलं, तर बरेचदा उत्तर येतं, ‘मधोमध, आडवं.’ आडव्या कापाने गोल चकत्या निघतात आणि गोलाई हाच तर धोका आहे. नुसते दोन तुकडेही पुरत नाहीत. दोन झाकणांमध्ये मणी दाबून सगळे एकदम कापायची युक्ती बऱ्याच जणांना माहीत असते. युक्ती चांगली आहे, वेळ वाचतो, पण तिने फक्त अर्धुकं होतात. दुसरा काप हातानेच द्यावा लागतो.

हे किती वर्षांपर्यंत करायचं? अमेरिकेतली बालरोगतज्ज्ञांची अकादमी अख्खी द्राक्षं 4 वर्षांखालच्या मुलांसाठी धोक्याची मानते, तर ब्रिटनची राष्ट्रीय आरोग्य सेवा 5 वर्षांपर्यंत उभी चार फोडी करून द्या असं सांगते. आम्ही 5 धरून चाला म्हणतो. मोठी ताई किंवा दादा प्रेमाने अख्खा मणी भरवायला बघतात, तेव्हा त्यांच्या वाटीतलीही द्राक्षं कापलेलीच असू द्या.

पहिल्यांदा देताना

जागतिक आरोग्य संघटनेच्या सल्ल्याप्रमाणे वरचं अन्न सुरू होतं ते सहा महिन्यांच्या सुमारास. बाळ आधाराने बसतं, मान नीट धरतं, चमच्यातलं जिभेने बाहेर ढकलत नाही, एवढं झालं की द्राक्षही चालतं. सुरुवात सोललेल्या मण्याच्या लगद्याने करा. सोलायला सोपा मार्ग म्हणजे मणी अर्धा मिनिट गरम पाण्यात टाकून लगेच गार पाण्यात काढा, साल बोटाने सरकते. पहिल्या वेळी एक-दोन मणी पुष्कळ झाले. त्याच दिवशी दुसरा नवा पदार्थ देऊ नका, म्हणजे अंगावर पुरळ आलं किंवा उलटी झाली तर कशाने ते कळेल. द्राक्षाची ॲलर्जी क्वचितच दिसते. बाळ वेळेआधी जन्मलेलं असेल किंवा गिळायला त्रास असेल तर मात्र आधी डॉक्टरांना विचारा.

बाळ चिमटीत धरून खायला लागलं की उभ्या फोडी द्या. साल पातळ असली तरी चिवट असते, टाळूला चिकटली की बाळ उबळतं, म्हणून वर्षभराचं होईतो सोललेलीच बरी. पुढे सालीसकट दिल्यावर लंगोटात सालीचे तुकडे तसेच दिसतील. काळी द्राक्षं दिली तर शीचा रंगही गडद होईल. त्यात घाबरण्यासारखं काही नाही.

रस एक वर्षाच्या आत देऊच नये. नुसती साखर पोटात जाते आणि पोट भरतं. मनुका मऊ वाटल्या तरी चिकट असतात, लहान बाळाला भिजवून वाटूनच द्या. गोठवलेले अख्खे मणी लहान मुलांसाठी नाहीतच.

खाताना बाळ ताठ बसलेलं हवं. चालत्या गाडीत नको, रांगताना नको, हसवत-खेळवत तर नकोच. आणि समोर मोठं माणूस हवंच. उबळ येऊन बाळ खोकत असेल, आवाज काढत असेल, तर त्याला खोकू द्या. आवाजच बंद झाला, रडू फुटत नाही, ओठ निळे पडताहेत, तर ते गुदमरणं. मदतीसाठी लगेच कुणाला तरी फोन करायला सांगा. एक वर्षाच्या आतलं बाळ असेल तर डोकं खाली ठेवून हातावर पालथं धरा, खांद्याच्या पात्यांमध्ये 5 थापा द्या, मग उताणं करून छातीच्या मध्यावर 5 दाब, असं आलटून पालटून. न दिसणारा मणी काढायला तोंडात बोट घालू नका, तो आणखी आत जातो. हे नुसतं वाचून हातात बसत नाही. प्रथमोपचाराचा वर्ग घरातल्या एकाने तरी करून ठेवावा.

नेहमीच्या दोन तक्रारी

‘बिनबियांची म्हणता आणि बी निघाली.’ अशा मण्यांत बी धरते, पण पूर्ण वाढत नाही. तिचा मऊ अंश कधीकधी लागतो. माल खोटा नाही. तरी फोड करताना दिसली तर काढून टाका.

‘वर पांढरी पावडर आहे, औषध आहे का?’ ती मण्याची स्वतःची मेणचट झाक असते आणि मणी फार न हाताळल्याची खूण. तरी धुवायचं आहेच, वाहत्या पाण्याखाली चोळून, पण जेवढी खायची तेवढीच आणि खायच्या वेळी. अख्खा डबा धुऊन ठेवला की दोन दिवसांत देठापाशी बुरशी धरते आणि मग फोन आम्हाला येतो. कापलेली द्राक्षं आम्ही पाठवत नाही तीही याचसाठी: काप दिला की रस सुटतो, वाटेत आंबायला लागतो.

बाळ असलेल्या घरांसाठी आम्ही करतो ते एवढंच: मागणीत ‘बाळ’ असा शब्द लिहा. त्या दिवशी आलेल्या मालातले लांबट, टणक, बिनबियांचे घड हाताने निवडून देतो. लांबट मण्याला उभा काप नीट बसतो आणि टणक मणी सुरीखाली चेंगरत नाही. याचे जादा पैसे लागत नाहीत.

मणी मोठे निघाले म्हणून परत केलेला डबा यापुढे बदलून मिळणार नाही. फुटलेले किंवा नासके मणी निघाले तर त्याच दिवशी फोटो पाठवा, एक शब्द न बोलता बदलून देऊ.