घरगहाण आणि त्याचा दीर्घकालीन भार

घरगहाण : कर्जफेडीची हमी म्हणून राहते घर, घरजागा किंवा तीवर उभे राहणारे बांधकाम तारण देण्याचा व्यवहार. बँकेत त्याला गृहकर्ज म्हणतात, दुय्यम निबंधकाच्या कार्यालयात गहाणखत, आणि ग्रामीण विदर्भात नुसते ‘घरावर पैसे काढणे’. घराची किंमत दोनदा ठरते. एकदा गवंडी, रेती आणि सिमेंटच्या हिशेबात. दुसऱ्यांदा व्याजाच्या खात्यात. दुसरा हिशेब घरातले कोणी सहसा मांडत नाही. प्रस्तुत नोंदीत मुख्यतः त्याचाच विचार केला आहे.

संज्ञा व प्रकार : ‘गहाण’ हा शब्द संस्कृत ‘ग्रहण’, प्राकृत ‘गहण’ यांवरून आला असे सामान्यतः मानले जाते. मुळात वस्तू सावकाराच्या ताब्यात जात असावी, असे या व्युत्पत्तीवरून वाटते. ताबा न देता केलेल्या गहाणाला ‘नजरगहाण’ असे वेगळे नाव आहे, ही गोष्टही त्या दिशेची आहे. १८८२ च्या मालमत्ता हस्तांतरण अधिनियमात गहाणाचे सहा प्रकार सांगितले आहेत. त्यांपैकी खेड्यांत प्रत्यक्ष भेटतात ते नजरगहाण, ताबेगहाण (यात सावकार व्याजाऐवजी जागेचे वा शेताचे उत्पन्न खातो) आणि हक्काची कागदपत्रे ठेवून केलेले गहाण. बँका बहुधा शेवटचा प्रकार पत्करतात.

शर्तीच्या खरेदीचा उल्लेख स्वतंत्रपणे करणे भाग आहे. पैसे परत दिल्यावर घर परत देण्याची शर्त त्याच खरेदीखतात लिहिलेली असेल तरच तो व्यवहार गहाण ठरतो, अशी दुरुस्ती १९२९ मध्ये झाली. विदर्भात अवैध सावकार कर्ज देताना सरळ खरेदीखत करून घेतो आणि परतीचा शब्द तोंडी देतो. लिहून देणारा ‘गहाण टाकलं’ असे म्हणत घरी येतो. कागदावर मात्र त्याने घर विकलेले असते. नीट लिहिलेल्या गहाणात घर सोडवून घेण्याचा हक्क १९६३ च्या मुदत अधिनियमानुसार तीस वर्षे राहतो. खरेदीखतात तो राहतच नाही. कर्जाची सर्वांत मोठी किंमत कित्येकदा व्याजाच्या दरात नसून कागदाच्या या एका ओळीत असते.

दामदुप्पट : थकलेले व्याज मुद्दलाएवढे झाले की पुढे वाढू नये, हा नियम भारतीय ऋणव्यवहारातील सर्वांत जुन्या मर्यादांपैकी एक आहे. गौतम धर्मसूत्रात (१२.३१) ‘चिरस्थाने द्वैगुण्यं प्रयोगस्य’ असे वचन येते. या सूत्राचा काळ पां. वा. काणे यांनी इ. स. पू. ६०० ते ४०० असा धरला आहे. अलीकडचे अभ्यासक तो इ. स. पू. तिसऱ्या शतकाकडे किंवा त्याही अलीकडे आणतात. भाषेच्या पुराव्यावर दुसरे मत अधिक ग्राह्य वाटते. मनुस्मृतीत (८.१५१) हाच नियम ‘कुसीदवृद्धिर्द्वैगुण्यं नात्येति सकृदाहृता’ असा आला आहे. याज्ञवल्क्याने आपल्या स्मृतीत तारणी कर्जावर महिन्याला ऐंशीवा भाग व्याज सांगितले आहे (२.३७). म्हणजे शेकडा सव्वा रुपया, सालाचे १५ टक्के. महाराष्ट्रात २०१४ च्या सावकारी अधिनियमाखाली शेतकरी नसलेल्याच्या तारणी कर्जासाठी कमाल दर १५ टक्केच ठरवला गेला. शेतकऱ्याच्या तारणी कर्जाला तो ९ टक्के आहे.

गहाणाच्या दृष्टीने याज्ञवल्क्याचे दुसरे एक वचन अधिक महत्त्वाचे आहे (२.५८). धन दुप्पट होऊनही तारण सोडवले नाही तर ते बुडते. ज्याचे फळ सावकार उपभोगतो ते मात्र कधीच बुडत नाही. ताबेगहाणात ऋणकोला जास्त संरक्षण होते, हे आजच्या वाचकाला अनपेक्षित वाटेल.

खरा वाद मनूच्या वचनातील ‘सकृत्’ या शब्दावर आहे. ‘सकृदाहृता’ म्हणजे एकाच वेळी वसूल केलेली वृद्धी. काही ठिकाणी ‘सकृदाहिता’ असाही पाठ मिळतो. चालुक्यांच्या कल्याणीत, अकराव्या शतकाच्या अखेरीस किंवा बाराव्याच्या आरंभी, विज्ञानेश्वराने ‘मिताक्षरा’ या याज्ञवल्क्यस्मृतीवरील टीकेत दोन्ही पाठांची दखल घेतली आहे. ‘आहृता’ हा पाठ घेतला, तर ऋणकोकडून दररोज, दरमहा किंवा दरवर्षी थोडेथोडे घेतलेले व्याज दुपटीपलीकडे जाऊ शकते, असे तो सांगतो. यावरून दोन मते संभवतात. पहिल्यानुसार दामदुप्पट ही एकूण व्याजाची मर्यादा. दुसऱ्यानुसार ती एका वेळी थकलेल्या व्याजाची मर्यादा. न्यायालयांनी दुसरे मत स्वीकारले, आणि वचनाच्या शब्दांशी तेच अधिक जुळते. खेड्यातल्या माणसाच्या मनात मात्र पहिले मत पक्के आहे : ‘दामदुप्पट दिलं, आता कायचं देणं?’ मासिक हप्त्याचे कर्ज दुसऱ्या मताच्या चौकटीत चपखल बसते. व्याज थकतच नाही, दरमहा भरले जाते, म्हणून वीस वर्षांत मुद्दलापेक्षा जास्त व्याज गेले तरी नियम मोडत नाही.

हा नियम गहाणाला लागू आहे की नाही, यावरही मतभेद होते. मद्रास उच्च न्यायालयाने १८८२ च्या अधिनियमानंतर तो लागू नसल्याचे म्हटले. मुंबईने तो लावला. १९८८ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने महाराष्ट्रातून आलेल्या एका दाव्यात तो गहाणालाही लागू धरला. बँका सावकारी अधिनियमाच्या कक्षेबाहेर आहेत. शिवाय बँकेचे व्याज जादा आहे एवढ्याच कारणावरून न्यायालयाने हिशेब पुन्हा उघडू नये, अशी तरतूद १९८४ पासून बँकिंग विनियमन अधिनियमात आहे.

प्रादेशिक पार्श्वभूमी : १८७९ च्या दख्खन शेतकरी साहाय्य कायद्याने पुणे, सातारा, सोलापूर आणि अहमदनगर या जिल्ह्यांत न्यायाधीशाला कर्जरोख्यामागचा खरा हिशेब तपासता येऊ लागला. वऱ्हाड मुंबई इलाख्याबाहेर होते. वऱ्हाडात खातेदार थेट सरकारात सारा भरत. नागपूर, वर्धा, भंडारा, चांदा (आजचे चंद्रपूर) या बाजूला मालगुजारी, म्हणजे सारा गोळा करून सरकारात भरणाऱ्या गावमालकाची पद्धत, होती आणि गावची आबादी (वस्तीची जागा) मालगुजाराची धरली जाई. रयतेला घरजागेवर राहण्याचा हक्क होता. तारण ठेवता येईल असा कागद तिच्याजवळ क्वचितच असे. मालगुजारी १९५१ मध्ये संपली. गावठाणातल्या घराला तरीही पुढे कित्येक दशके ग्रामपंचायतीच्या नमुना ८ वरील करनोंद एवढाच आधार राहिला. ती नोंद कर कोण भरतो ते सांगते, मालकी सिद्ध करत नाही. त्यामुळे बँक घर तारण घेत नसे आणि घर बांधण्यासाठी शेत गहाण पडे. २४ एप्रिल २०२० रोजी सुरू झालेल्या स्वामित्व योजनेत ड्रोनने गावठाणांची मोजणी होऊन मिळकत पत्रिका मिळू लागल्या. आता घरही तारण म्हणून पुढे करता येते. ही सोय खरी आहे. आतापर्यंत बँकेच्या कर्जाबाहेर राहिलेली वस्तू तिच्यामुळे कर्जात येते, हेही तितकेच खरे.

हप्त्याचा हिशेब : १० लाख रुपये, सालाचे ९ टक्के, मुदत २० वर्षे असे धरू. महिन्याचा हप्ता ८,९९७ रुपये येतो. पहिल्या हप्त्यातले ७,५०० रुपये व्याजात जातात. मुद्दलात जमा होतात अवघे १,४९७. पाच वर्षांत सुमारे ५ लाख ४० हजार भरले जातात आणि मुद्दल १ लाख १३ हजारांनीच उतरते. दहा वर्षांनी, म्हणजे मुदत अर्धी सरल्यावर, ७ लाख १० हजार बाकी असतात. मुद्दल निम्मे व्हायला चौदा वर्षे लागतात. शेवटी एकूण भरणा २१ लाख ५९ हजार होतो. फसवणूक यात कुठेही नाही; व्याज नेहमी उरलेल्या मुद्दलावर लागते आणि सुरुवातीला जवळजवळ सगळेच मुद्दल उरलेले असते. पण सातव्या-आठव्या वर्षी खात्याचा उतारा हातात पडल्यावर जो धक्का बसतो, तो या अंकगणिताची आगाऊ कल्पना कोणी दिली नाही म्हणून बसतो.

‘हप्ता पेलत नसेल तर मुदत वाढवा’ हा सल्ला सर्रास मिळतो. हेच कर्ज ३० वर्षांचे केले तर हप्ता ८,०४६ होतो, म्हणजे महिन्याला ९५१ रुपयांची सवड मिळते. एकूण भरणा मात्र सुमारे २८ लाख ९७ हजारांवर जातो. उलट वर्षातून एकच जादा हप्ता, कापूस किंवा तूर विकल्यावर, मुद्दलात भरला तर २० वर्षांचे कर्ज सुमारे साडेतीन वर्षे आधी फिटते आणि सव्वादोन लाखांहून थोडे अधिक व्याज वाचते. बदलत्या दराच्या वैयक्तिक गृहकर्जावर मुदतपूर्व फेडीचा दंड बँकांना २०१२ पासून आणि बिगर बँक कंपन्यांना २०१४ पासून घेता येत नाही. मात्र ‘ही रक्कम मुद्दलात जमा करावी’ असे लेखी द्यावे. नाहीतर ती पुढचा आगाऊ हप्ता म्हणून धरली जाण्याची शक्यता असते.

बदलता दर : ऑक्टोबर २०१९ पासून बँकांची नवी बदलत्या दराची गृहकर्जे बाह्य मानकाशी, बहुधा रेपो दराशी (रिझर्व्ह बँक ज्या दराने बँकांना अल्पमुदतीचे पैसे देते तो), बांधली आहेत. मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ या काळात रेपो ४ वरून ६.५ टक्क्यांवर गेला. त्याच्या वर्षभर आधी ७ टक्क्यांनी २० वर्षांसाठी घेतलेल्या १० लाखांचा हप्ता ७,७५३ होता. वर्षाने ९ लाख ७६ हजार बाकी असताना दर एकदम ९.५ टक्के झाला असे धरले, तर महिन्याचे व्याजच ७,७२८ होते. मुद्दलात पडतात २५ रुपये. त्याच हप्त्यावर कर्ज फिटायला साठ वर्षे लागतील. हप्ता तेवढाच राहिल्याने घरात कोणाला काही कळत नाही, मुदत मात्र कागदावर वाढत राहते. ऑगस्ट २०२३ मध्ये रिझर्व्ह बँकेने दर बदलताना हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही, हा पर्याय कर्जदाराला देण्यास सांगितले, ते यामुळेच.

टक्क्याच्या दोन भाषा : बँकेचा टक्का सालाचा, गावचा टक्का महिन्याचा. ‘तीन टक्क्यानं काढले’ म्हणजे शेकडा तीन रुपये महिना, सालाचे ३६. या दराने सरळव्याजानेही रक्कम दोन वर्षे नऊ महिन्यांच्या सुमारास दुप्पट होते. १५ टक्क्यांनी तिला सहा वर्षे आठ महिने लागतात. या दोहोंच्या मध्ये ‘फ्लॅट’ दर येतो. ३ लाख रुपये, ५ वर्षे, १२ टक्के फ्लॅट म्हणजे महिना ८,००० हप्ता. ऐकायला १२, पण मुद्दल उतरत असूनही व्याज पूर्ण रकमेवर लागत असल्याने खरा दर २० टक्क्यांहून थोडा वर जातो. १ ऑक्टोबर २०२४ पासून कर्ज देताना सर्व आकारांसह वार्षिक दर दाखवणारे मुख्य तथ्य विवरण देणे बंधनकारक आहे. त्या पानावरचा तो एक आकडा आधी पाहावा. कर्जात मिळवलेला विम्याचा हप्ताही व्याज खातो : ४० हजारांचा विमा ९ टक्क्यांनी वीस वर्षांत ८६ हजारांना पडतो.

क्विंटलमधला हप्ता : पगारदाराचा हप्ता महिन्याला येतो तसे त्याचे उत्पन्नही महिन्याला येते. कोरडवाहू विदर्भात कापूस दिवाळी ते संक्रांत, तूर त्यानंतर, आणि मृगाच्या तोंडावर घरात पैसा नसतोच. जूनचा हप्ता भरायला तीन टक्क्यांनी पैसे उचलले, की ९ टक्क्यांच्या कर्जाच्या पोटात ३६ टक्क्यांचे कर्ज वाढू लागते. काही बँका शेतकऱ्यांना सहामाही किंवा वार्षिक हप्ता ठरवून देतात. अर्ज करतानाच तो मागावा.

काळाबरोबर रुपया स्वस्त होतो, म्हणून लांब मुदतीचे कर्ज पुढे हलके वाटते, असाही एक युक्तिवाद आहे. तो खोटा नाही. लांब धाग्याच्या कापसाचा क्विंटलचा हमीभाव २०१४-१५ मध्ये ४,०५० आणि २०२४-२५ मध्ये ७,५२१ रुपये होता; ८,९९७ चा हप्ता आधी सव्वादोन क्विंटलचा होता तो एक क्विंटल वीस किलोचा झाला. परंतु हमीभाव म्हणजे हातात पडलेला भाव नव्हे, आणि भाव वाढला तशी मजुरी, बियाणे आणि फवारणीही वाढली. २०२४-२५ च्या भावाने वर्षाचे बारा हप्ते साडेचौदा क्विंटलांच्या जवळ जातात. एकरी चार-पाच क्विंटल धरले तर तीन एकरांवरचे अख्खे पीक, तेही खर्च वजा न करता. पगारदारासाठी केलेला हा युक्तिवाद त्यामुळे इथे जपूनच लावावा लागतो.

घरकुल : प्रधानमंत्री आवास योजनेच्या ग्रामीण भागात मैदानी क्षेत्रात १ लाख २० हजार रुपये मिळतात, इच्छुकाला ७० हजारांपर्यंत संस्थात्मक कर्जाची सोय आहे. कवेलूचे घर पाडून पाया घातला की स्लॅबपाशी पैसा संपतो, आणि उघड्या भिंती पाहून घरचे लोक सावकाराकडे वळतात. ७० हजारांना तीन टक्क्यांनी नुसते व्याजच महिन्याला २,१०० होते.

वसुली व मुक्ती : २००२ च्या सरफेसी अधिनियमानुसार बँक साठ दिवसांच्या नोटिशीनंतर तारण घराचा ताबा घेण्याची कारवाई करू शकते, शेतजमिनीला हा अधिनियम लागू नाही. खरेदीखताच्या आडून सावकाराने बळकावलेल्या मालमत्तेबाबत जिल्हा निबंधकाकडे अर्ज करता येतो.

कर्ज फिटल्यावर मूळ कागदपत्रे तीस दिवसांत परत द्यावीत आणि उशीर झाल्यास दिवसाला ५,००० रुपये भरपाई द्यावी, असा रिझर्व्ह बँकेचा नियम १ डिसेंबर २०२३ पासून आहे. कागद हाती आले तरी मिळकत पत्रिकेवरचा किंवा सातबाऱ्यावरचा बोजा आपोआप उतरतोच असे नाही. बँकेची बेबाकी (कर्ज फिटल्याचा दाखला) घेऊन भूमी अभिलेख कार्यालयात किंवा तलाठ्याकडे वेगळा अर्ज करावा लागतो, नमुना ८ वरचा शेरा ग्रामपंचायतीतून काढून घ्यावा लागतो. तो राहिला तर पुष्कळदा भावांच्या वाटणीच्या दिवशीच नजरेस येतो, आणि बेबाकीची मूळ प्रत तेव्हा घरातल्या पेट्या उचकून शोधावी लागते.