शोधपत्रकारिता, रशियातील

शोधपत्रकारिता, रशियातील : सत्ताधारी, सैन्य, पोलीस आणि गुप्तचर यंत्रणा ज्या गोष्टी दडवून ठेवतात, त्या कागदपत्रे, साक्षी आणि प्रत्यक्ष पाहणी यांच्या आधारे उघड करण्याचे रशियन पत्रकारांचे काम. या नोंदीत मुख्यतः २००० साली व्लादिमिर पुतिन सत्तेवर आल्यानंतरचा काळ घेतला आहे.

संसद, न्यायालये आणि विरोधी पक्ष धडधाकट असतात तिथे बातमी छापून आली की पत्रकाराचे काम बरेचसे संपते. सभागृहात प्रश्न विचारला जातो, कोणी याचिका दाखल करतो, मंत्र्याला खुलासा द्यावा लागतो. रशियात या साखळीची एकेक कडी निखळत गेली आणि बातमीनंतरचे कामही बातमीदाराच्याच अंगावर आले. पीडिताला वकील मिळवून देणे, सरकारी वकिलाच्या कचेरीत खेटे घालणे, साक्षीदाराला सुरक्षित ठिकाणी पोचवणे आणि तेच प्रकरण वर्षानुवर्षे पुन्हा पुन्हा छापत राहणे, हे सारे तिथल्या शोधपत्रकारितेतच मोडते. तिने तिथले सरकार कधी पाडले नाही. तिच्यामुळे काही माणसे मात्र वाचली आणि बऱ्याच मेलेल्यांची नावे शिल्लक राहिली.

या कामाची रीत सोव्हिएत काळातच घडली होती. ३० एप्रिल १९६८ रोजी मॉस्कोत ‘चालू घडामोडींचा वृत्तांत’ अशा अर्थाच्या नावाची एक टंकलिखित पत्रिका निघाली. कवयित्री नताल्या गोर्बानेव्स्काया तिच्या पहिल्या संपादक. कार्बन घालून जेवढ्या निघतील तेवढ्या प्रती काढायच्या आणि ज्याच्या हाती प्रत पडली त्याने आणखी टंकून पुढे द्यायच्या. अशा साहित्याला ‘समिझदात’, म्हणजे स्वतःच प्रकाशित केलेले, म्हणत. पत्रिकेच्या शीर्षभागी मानवी हक्कांच्या जाहीरनाम्यातील मतस्वातंत्र्याचे १९ वे कलम असे आणि खाली अटका, झडत्या, खटले, मनोरुग्णालयात डांबलेली माणसे यांच्या नोंदी, तारीख-ठिकाणासह. बातमी कळवायची असेल तर ज्याच्याकडून अंक मिळाला त्यालाच ती सांगायची, त्याने आपल्याला अंक देणाऱ्याला. संपादक कोण हे मधल्या कोणाला ठाऊक असण्याची गरज नसे. गोर्बानेव्स्काया यांना डिसेंबर १९६९ मध्ये अटक झाली आणि पुढे मनोरुग्णालयात ठेवण्यात आले. पत्रिका चालूच राहिली. १९८३ पर्यंत तिचे साठाहून अधिक अंक निघाले. मागच्या अंकातील चुकांची दुरुस्ती पुढच्या अंकात न चुकता येई. केजीबी मागावर असताना, रात्री उशीखाली टंकयंत्राचा आवाज दाबून काम करणाऱ्यांनी एखाद्या चुकलेल्या तपशिलाची जाहीर दुरुस्ती द्यावी, याहून मोठा पत्रकारितेचा पाठ प्रस्तुत लेखकाला माहीत नाही.

१९९० च्या सोव्हिएत वृत्तपत्र कायद्याने सेन्सॉरशिप उठवली. १९९३ च्या रशियन राज्यघटनेच्या २९ व्या कलमानुसारही तिला मनाई आहे. ही तरतूद आजही कायम आहे, म्हणून तिथला दबाव समजून घेताना ती विसरता येत नाही. मजकूर आधी तपासून लाल रेघ मारणारा अधिकारी तिथे नाही. छापल्यानंतर काय होईल याची धास्ती त्याचे काम करते. १७ ऑक्टोबर १९९४ रोजी ‘मोस्कोव्स्की कोम्सोमोलेत्स’ या दैनिकाचे तरुण बातमीदार दिमित्री खोलोदोव्ह यांच्या हाती आलेल्या ब्रीफकेसमध्ये बॉम्ब होता. ते सैन्यातील भ्रष्टाचाराचा माग काढत होते. आरोपी पुढे निर्दोष सुटले. एप्रिल २००१ मध्ये एनटीव्ही ही खासगी दूरचित्रवाहिनी गॅझप्रोम या सरकारी वायू कंपनीने ताब्यात घेतली आणि घराघरांत पोचणारे माध्यम टीकाकारांच्या हातून गेले.

उरलेल्यांत सर्वांत महत्त्वाचे ठरले ते ‘नोवाया गझेता’, म्हणजे ‘नवे वृत्तपत्र’. ‘कोम्सोमोल्स्काया प्रावदा’ या दैनिकातून बाहेर पडलेल्या पत्रकारांनी १९९३ मध्ये ते काढले. मिखाईल गोर्बाचेव्ह यांनी आपल्या नोबेल शांतता पारितोषिकाच्या रकमेतून त्याला संगणक घेऊन दिले. १९९५ पासून, मधली दोन वर्षे वगळता, दिमित्री मुरातोव्ह हे त्याचे संपादक होते आणि निम्म्याहून किंचित अधिक मालकी कर्मचाऱ्यांकडे होती. आठवड्यातून तीनदा निघणाऱ्या या पत्राने चेचन्या या दक्षिण रशियातील प्रांतातल्या दुसऱ्या युद्धाची बातमीदारी आन्ना पोलित्कोव्स्काया यांच्याकडे सोपवली.

पोलित्कोव्स्काया यांचा जन्म १९५८ मध्ये न्यूयॉर्कमध्ये झाला. वडील संयुक्त राष्ट्रांत सोव्हिएत मुत्सद्दी होते. सेनापतींच्या पत्रकार परिषदांत त्यांना रस नव्हता. त्या खेड्यांत जात, तळघरांत राहणाऱ्यांशी बोलत, लष्करी छावण्यांतील खड्ड्यांत कोंडून ठेवलेल्या माणसांविषयी लिहीत. फेब्रुवारी २००१ मध्ये अशाच एका छावणीची चौकशी करताना सैनिकांनी त्यांना पकडले आणि गोळ्या घालण्याचे नाटक केले. चेचन्याची राजधानी ग्रोझ्नी येथील वृद्धाश्रमावर बॉम्ब पडत असताना तिथल्या म्हाताऱ्यांना बाहेर काढण्याची खटपटही त्यांनी केली. बातमीदाराने यात पडावे का, हा प्रश्न त्यांना मॉस्कोत अनेकदा विचारला गेला. पडू नये असे म्हणणारे कुठल्या देशाबद्दल बोलत होते, हे त्यांचे त्यांनाच ठाऊक.

‘कादेत’ प्रकरण त्यांच्या पद्धतीचा उत्तम नमुना आहे. जानेवारी २००१ मध्ये ग्रोझ्नीत एका तरुण विद्यार्थ्याला पोलिसांनी पकडले, त्याचे अतोनात हाल केले आणि त्यानंतर तो कधीच दिसला नाही. त्या ठाण्यावर सायबेरियातील खांती-मान्सी प्रदेशातून आलेले पोलीस नेमलेले होते. पोलित्कोव्स्काया यांनी त्यांतील एकाचे, सर्गेई लापिन याचे नाव छापले. त्यानंतर ‘कादेत’ या लापिनच्याच टोपणनावाने त्यांना जिवे मारण्याच्या धमक्या येऊ लागल्या आणि काही काळ त्यांना व्हिएन्नात जाऊन राहावे लागले. प्रकरण त्यांनी सोडले नाही. मुलाचे वडील पुरावे गोळा करत राहिले, वकील स्तानिस्लाव्ह मार्केलोव्ह यांनी त्यांची बाजू लढवली आणि पोलित्कोव्स्काया प्रत्येक टप्प्यावर लिहीत राहिल्या. मार्च २००५ मध्ये ग्रोझ्नीतील न्यायालयाने लापिनला ११ वर्षांची शिक्षा दिली. चेचन्यात हजारो माणसे नाहीशी झाली. शिक्षेपर्यंत पोचलेली प्रकरणे बोटांवर मोजण्याइतकी. त्यांतले हे एक उभे राहायला एक बाप, एक वकील आणि एक बातमीदार यांची चार वर्षे लागली. मुलाचा देह तरीही सापडला नाही.

सप्टेंबर २००४ मध्ये बेस्लानच्या शाळेतील ओलीसनाट्याच्या वेळी पोलित्कोव्स्काया तिकडे निघाल्या असताना विमानात चहा पिऊन बेशुद्ध पडल्या. ७ ऑक्टोबर २००६ रोजी मॉस्कोत त्यांच्या राहत्या इमारतीच्या लिफ्टमध्ये त्यांना गोळ्या घालण्यात आल्या. त्या लिहीत असलेला चेचन्यातील छळावरचा लेख ‘नोवाया’ने १२ ऑक्टोबरला अपुरा होता तसाच छापला. २०१४ मध्ये पाच जणांना शिक्षा झाल्या. खुनाची सुपारी देणारा कोण, हे मात्र तपासात पुढे आले नाही, आणि त्या दिशेने पुरेसा तपास झाला नाही असा ठपका युरोपीय मानवी हक्क न्यायालयाने २०१८ मध्ये रशियावर ठेवला. ७ ऑक्टोबर २०२१ रोजी खुनाला १५ वर्षे झाली आणि खटला भरण्याची कायदेशीर मुदत संपली. दुसऱ्याच दिवशी मुरातोव्ह आणि फिलिपिन्सच्या मारिया रेसा यांना नोबेल शांतता पारितोषिक जाहीर झाले. हे पारितोषिक आपले नाही, असे सांगून मुरातोव्ह यांनी पत्राशी जोडलेल्या, जिवानिशी गेलेल्या सहा जणांची नावे घेतली : २००० मध्ये हातोड्याच्या घावांनी गेलेले इगोर दोम्निकोव्ह; २००३ मध्ये अनाकलनीय आजाराने काही दिवसांत गेलेले युरी श्चेकोचिखिन; पोलित्कोव्स्काया; जानेवारी २००९ मध्ये मॉस्कोत भर दिवसा मारले गेलेले मार्केलोव्ह आणि त्यांच्यासोबत चालणारी तरुण बातमीदार अनास्तासिया बाबुरोवा; आणि त्याच वर्षी जुलैमध्ये ग्रोझ्नीतून पळवून नेऊन मारलेल्या नताल्या एस्तेमिरोवा.

चेचन्याचे काम पुढे येलेना मिलाशिना यांनी चालवले. १ एप्रिल २०१७ रोजी त्यांनी तिथे समलिंगी पुरुषांना पकडून गुप्त तुरुंगांत छळले जात असल्याची बातमी दिली. अशी माणसे चेचन्यात नाहीतच, असे तिथल्या सरकारने सांगितले. जुलैमध्ये ‘नोवाया’ने, जानेवारीतील एका रात्री खटल्याविना मारल्या गेलेल्या २७ जणांची नावनिशीवार यादी छापली. दरम्यान रशियातील स्वयंसेवी कार्यकर्ते अनेकांना चेचन्याबाहेर काढत होते.

२०१० नंतर एक वेगळी पिढी आली, संगणकावर बसून नोंदवह्या उलगडणारी. सरकारी खरेदीचे संकेतस्थळ, कंपन्यांची नोंदणी आणि जमीन-मालमत्तेचे दाखले रशियात बरेच खुले होते. ‘मेदुझा’ या वृत्तसंकेतस्थळाचे इव्हान गोलुनोव्ह त्यांवरून मॉस्कोच्या अंत्यविधी व्यवसायातील पैशाचा माग काढत होते. जून २०१९ मध्ये पोलिसांनी त्यांना अमली पदार्थ बाळगल्याच्या आरोपावरून पकडले. तीन मोठ्या दैनिकांनी एकाच दिवशी ‘मी/आम्ही इव्हान गोलुनोव्ह’ असा सारखाच मथळा पहिल्या पानावर छापला आणि दुसऱ्या दिवशी त्यांची सुटका झाली. पदार्थ त्यांच्या सामानात पेरणाऱ्या पोलिसांना २०२१ मध्ये शिक्षाही झाल्या. असा शेवट फार थोड्या प्रकरणांना लाभला. नोंदवह्याच झाकण्याचा मार्ग सरकारला अधिक सोपा वाटला. २०१६ मध्ये तत्कालीन महाअभियोक्त्यांच्या मुलांची नावे मालमत्तेच्या दाखल्यांतून गायब झाली आणि त्यांच्या जागी ‘एलएसडीयू ३’सारखी निरर्थक अक्षरे आली. मार्च २०२३ पासून मालकांची नावे बाहेरच्या कोणालाही दाखवणे बंद झाले.

याच काळात ‘प्रोबिव’ हा शब्द रुळला. मूळ अर्थ भोसकणे किंवा आरपार जाणे. पोलीस, बँका, दूरध्वनी कंपन्या यांतील कर्मचारी पैसे घेऊन एखाद्याचे पारपत्र, विमानप्रवास, दूरध्वनी यांच्या नोंदी बाहेर विकतात, त्या काळ्या बाजाराला हे नाव आहे. प्रत्येक नागरिकावर पाळत ठेवणाऱ्या राजवटीने माहितीचे डोंगर रचले आणि ते राखायला लाचखोर माणसे बसवली. त्यामुळे पाळत ठेवणाऱ्यांचीही माहिती विकत मिळू लागली. ऑगस्ट २०२० मध्ये विरोधी नेते अलेक्सेई नवाल्नी यांच्यावर विषप्रयोग झाला. त्यांच्या मागावर असलेल्या, केजीबीची वारस असलेल्या एफएसबी या गुप्तचर यंत्रणेच्या पथकाची नावे ‘बेलिंगकॅट’ आणि ‘द इनसायडर’ या शोधपत्रकारिता करणाऱ्या संकेतस्थळांनी इतर माध्यमांसह त्या डिसेंबरमध्ये जाहीर केली, ती दूरध्वनी आणि विमानप्रवासाच्या अशाच नोंदी ताडून. चोरीची माहिती विकत घ्यावी का, यावर रशियन पत्रकारांत मतभेद आहेत. माहिती विकणारे तुरुंगात जातात आणि पुढे त्याच बाजारात सामान्य माणसेही विकली जातात, हा आक्षेप खरा आहे. मात्र खुली कागदपत्रे झाकली गेल्यानंतर हत्येच्या प्रयत्नाचा तपास करणारे दुसरे कोणीच उरले नव्हते, हेही तितकेच खरे.

कायद्याचा फास टप्प्याटप्प्याने आवळला गेला. परदेशी पैसा घेणाऱ्या संस्थांसाठीचा २०१२ चा ‘परदेशी हस्तक’ कायदा २०१७ मध्ये माध्यमांना आणि पुढे व्यक्तींनाही लागू झाला. हा शिक्का बसलेल्याला प्रत्येक मजकुरावर, अगदी समाजमाध्यमावरील ओळीवरही, मूळ मजकुराच्या दुप्पट मोठ्या अक्षरांत तशी सूचना द्यावी लागते. एप्रिल २०२१ मध्ये ‘मेदुझा’वर शिक्का बसताच जाहिरातदार निघून गेले आणि वाचकांच्या वर्गणीवर ती तगली. ‘अनिष्ट संघटना’ हा शिक्का त्याहून जड. त्यानंतर त्या संस्थेसाठी काम करणे हाच गुन्हा. जुलै २०२१ मध्ये तो ‘प्रोएक्त’ या शोधपत्रकारितेच्या संकेतस्थळावर बसला.

युक्रेनवरील आक्रमणानंतर, ४ मार्च २०२२ रोजी, सैन्याविषयी ‘खोटी माहिती’ देणाऱ्याला १५ वर्षांपर्यंत कैदेची तरतूद झाली. युद्धाला युद्ध म्हणणेही धोक्याचे ठरले. २८ मार्चला ‘नोवाया’ने प्रकाशन थांबवले आणि सप्टेंबरमध्ये न्यायालयाने त्याचा परवाना रद्द केला. त्याच वर्षी एप्रिलमध्ये रेल्वेच्या डब्यात मुरातोव्ह यांच्यावर अॅसिटोन मिसळलेला लाल रंग फेकला गेला. जूनमध्ये त्यांनी आपले नोबेल पदक लिलावात काढले. त्याचे १० कोटी ३५ लाख डॉलर आले आणि ते युद्धाने विस्थापित झालेल्या मुलांसाठी युनिसेफला देण्यात आले. बहुतेक सहकारी परदेशी गेले. कोणी लाटव्हियातील रिगात, कोणी बर्लिनमध्ये, आणि त्यांचे वाचक व्हीपीएनच्या, म्हणजे बंदी चुकवून संकेतस्थळ उघडणाऱ्या साधनाच्या, आडून.

मिलाशिना मात्र चेचन्याला जात राहिल्या. ४ जुलै २०२३ रोजी चेचेन सरकारच्या टीकाकारांच्या आईवरील खटल्याच्या निकालासाठी वकील अलेक्सांद्र नेमोव्ह यांच्यासह त्या ग्रोझ्नीच्या विमानतळावरून निघाल्या. वाटेत गाडी अडवून दोघांना मारहाण झाली, मिलाशिना यांची बोटे मोडली, डोके भादरून त्यावर हिरवे औषध ओतले, यंत्रे फोडली. त्याच दिवशी, दोघांच्या गैरहजेरीत, त्या आईला साडेपाच वर्षांची शिक्षा सुनावली गेली.

पुढच्याच आठवड्यात, १० जुलैला, ‘मेदुझा’ आणि ‘मीडियाझोना’ या संकेतस्थळांनी मे २०२३ अखेरपर्यंत युद्धात मेलेल्या रशियन सैनिकांचा अंदाज प्रसिद्ध केला : सुमारे ४७ हजार. सरकार मृतांचा आकडा सांगत नाही. पण मेलेल्याच्या घराचा किंवा बँकेतील पैशाचा वारसा हवा असेल तर नोटरीकडे मृत्यूची नोंद करावीच लागते आणि ती नोंदवही खुली होती. तरुण पुरुषांच्या वारसनोंदी नेहमीपेक्षा किती वाढल्या, यावरून हा हिशेब मांडला गेला. त्याच्या जोडीला ‘मीडियाझोना’ आणि बीबीसीची रशियन सेवा स्वयंसेवकांच्या मदतीने दुसरी एक यादी चालवतात. गावच्या वर्तमानपत्रातील निधनवार्ता, शाळेच्या भिंतीवर लागलेली पाटी, नातेवाइकांनी टाकलेला फोटो, दफनभूमीतील ताजी थडगी, यांवरून एकेक नाव पडताळून ते त्या यादीत घेतले जाते.