हेरोब्राइन, चकवा आणि ‘नाळे बा’ : सँडबॉक्स खेळात दंतकथेतले भूत घालणे

ठरलेली गोष्ट किंवा शेवट नसलेल्या, खेळणाऱ्याने स्वतःच जग उभारायच्या संगणकीय खेळाला सँडबॉक्स खेळ म्हणतात. अशा खेळात निर्मात्यांनी न दिलेले भुताचे पात्र बाहेरून जोडणे हा या नोंदीचा विषय आहे. संगणकावर खेळणारी मुले याला ‘मॉड घालणे’ म्हणतात, फोनवर खेळणारी ‘ॲडऑन टाकणे’. माइनक्राफ्टमधला हेरोब्राइन हे याचे सर्वांत गाजलेले उदाहरण. बेळगाव, खानापूर, निपाणी, हल्याळ, कारवार या पट्ट्यातल्या मराठी घरांत मराठी, कोकणी आणि कन्नड या तिन्ही भाषांतली भुते ऐकत मुले मोठी होतात. त्यामुळे हेरोब्राइनच्या जोडीला चकवा आणि ‘नाळे बा’ ही पात्रे इथे हाताशीच असतात, आणि खेळात घालायला ती हेरोब्राइनपेक्षा सरस आहेत असे नोंदकाराचे मत आहे.

हेरोब्राइनची कथा

माइनक्राफ्ट हा खेळ स्वीडनच्या मार्कुस पेर्सन याने २००९ मध्ये लोकांपुढे आणला. पहिली पूर्ण आवृत्ती नोव्हेंबर २०११ मध्ये निघाली आणि २०१४ मध्ये मायक्रोसॉफ्टने मोयांग ही मूळ कंपनी अडीच अब्ज डॉलरना विकत घेतली. खेळातले जग एक-एक मीटरच्या ठोकळ्यांचे असते. त्यात खणायचे, बांधायचे, रात्री झोंबी आणि सांगाड्यांपासून जीव वाचवायचा.

२०१० मध्ये इंटरनेटवर या खेळाचे एक चित्र फिरू लागले. धुक्याच्या कडेला कुणीतरी उभे होते. सोबतच्या मजकुरात सांगितले होते की खेळणारा त्या जगात एकटाच होता, तरी ही आकृती लांबून बघत राहायची आणि जवळ गेले की नाहीशी व्हायची. पुढे त्याला डोंगरात दोन बाय दोनचे सरळ बोगदे सापडले, समुद्रात वाळूचे नेटके पिरॅमिड सापडले, पाने काढून टाकलेली झाडे सापडली. हा पेर्सनचा वारलेला भाऊ आहे, असेही त्यात होते. आपल्याला असा कुणी भाऊ नव्हता, असे पेर्सनने सांगितले. हेरोब्राइन मूळ खेळात कधीच नव्हता. मोयांगने मात्र ही गोष्ट प्रेमाने सांभाळली. २०११ पासून नव्या आवृत्तीच्या बदलांच्या यादीत ‘हेरोब्राइनला काढून टाकले’ अशी ओळ अधूनमधून येत राहिली. नसलेले काढले असे पुन्हा पुन्हा सांगितल्याने मुलांची खात्री पटली, की काहीतरी होते. जानेवारी २०२१ मध्ये तर काही स्वयंसेवकांनी असंख्य संगणकांची ताकद एकत्र लावून त्या मूळ चित्रातले जग नेमके कोणत्या सीडमधून, म्हणजे ज्या आकड्यावरून खेळ जग घडवतो त्यातून, निघाले होते, ते शोधून काढले. ती जागा खरी निघाली.

इंटरनेटवर जन्मलेले दुसरे भूत, लांब हातांचा स्लेंडरमॅन, याच्यावरून सुचलेला एंडरमॅन मात्र सप्टेंबर २०११ मध्ये अधिकृतपणे खेळात आला. त्याच्याकडे रोखून पाहिले की तो चवताळतो. डोक्यावर कोरलेला भोपळा घातला तर पाहिले तरी चालते. भुताला नियम असला, तोडगा असला, की ते खेळात किती छान बसते हे एंडरमॅनवरून कळते.

दोन बिंदूंचे भूत

हेरोब्राइनचे रूप तयार करणे हे या सगळ्यातले सर्वांत सोपे काम. खेळातल्या स्टीव्ह या मूळ पात्राची कातडी, म्हणजे ‘स्किन’, ६४ बाय ६४ बिंदूंचे चित्र असते. त्यात चेहऱ्याचा समोरचा भाग आठ बाय आठ, एकूण ६४ बिंदू. प्रत्येक डोळा दोन बिंदूंचा असतो, एक पांढरा आणि एक निळसर जांभळा. ते दोन निळसर बिंदू पांढरे करायचे. झाला हेरोब्राइन. शर्ट तोच, दाढीची खूण तीच, आणि तरी रात्री दाराच्या काचेपलीकडे हा चेहरा दिसला की अंगावर काटा येतो, कारण ओळखीच्या माणसाची फक्त नजर गेलेली असते. आपल्याकडे भुताचे पाय उलटे सांगतात. त्यातही बाकी सगळे माणसासारखेच असते.

खानापूर तालुक्यातल्या एका घरात पाहिलेला प्रसंग. पावसाळा, वीज गेलेली, काच तडकलेला एक फोन आणि त्यावर झुकलेली तीन डोकी. थोरला खेळत होता. तो हळूच म्हणाला, “मागं बघू नको.” धाकटा तिथेच गारठला. थोरल्याने ॲडऑन अजून चालूच केलेले नव्हते, स्क्रीनवर नुसते अंधारे जंगल होते. आजीने चुलीपासून विचारले, “कुणाला भ्यायलास रे एवढा?” धाकटा म्हणाला, “आजी, डोळं न्हाईत त्याला.” आजी म्हणाली, “मग त्याला तरी तू कुठं दिसायलास?” पोरगा विचारात पडला आणि थोड्या वेळाने पुन्हा फोनवर वाकला.

पात्र जोडायचे कसे

संगणकावरच्या जावा आवृत्तीत फोर्ज किंवा फॅब्रिक यांसारख्या लोडरच्या, म्हणजे मॉड खेळात चढवणाऱ्या साधनाच्या, आधाराने मॉड चालतात आणि ते बहुतेक जावा भाषेत लिहितात. फोनवरच्या बेडरॉक आवृत्तीत ॲडऑनचे दोन भाग असतात. बिहेवियर पॅकमध्ये पात्र कसे वागते ते लिहायचे, रिसोर्स पॅकमध्ये ते कसे दिसते आणि कसे ऐकू येते ते. दोन्हींत मॅनिफेस्ट नावाची फाइल लागते आणि तिच्यातले ओळखक्रमांक प्रत्येक पॅकचे वेगळे असावे लागतात. पहिल्यांदा करणारा दुसऱ्याची फाइल उचलून क्रमांक तसेच ठेवतो, आणि मग पॅक दिसतच का नाही म्हणून दिवसभर डोके धरून बसतो. आकृती घडवायला ब्लॉकबेंच हे मोफत साधन पुरते. सगळे करण्याआधी आपल्या जगाची प्रत काढून ठेवावी. दोन वर्षे बांधलेला वाडा एका चुकीच्या फाइलपायी गेला की मुलाला होणारे दुःख खरे असते. ‘हेरोब्राइन’ या नावाने कुठूनही उतरवलेले परके ॲप फोनमध्ये घालू नये. ॲडऑन म्हणजे साध्या मजकुराच्या आणि चित्रांच्या फाइली. त्यासाठी वेगळे ॲप बसवावे लागत नाही.

खरी कसोटी असते ते भूत किती वेळा दिसावे याची. नवखा मॉडकार हेरोब्राइनला झोंब्यासारखा मोकाट सोडतो. पहिल्या रात्री तो चारदा भेटतो, दुसऱ्या रात्री मुले त्याला तलवारीने मारतात, तिसऱ्या रात्री त्याच्याकडे कुणी बघतही नाही. खेळाचे घड्याळ सेकंदाला २० टिक चालते आणि खेळातला एक दिवस २४,००० टिकांचा, म्हणजे २० मिनिटांचा असतो. दर टिकला २४,००० मध्ये एक अशी शक्यता ठेवली तर भूत सरासरी दिवसातून एकदा येते. ते फार झाले. १,२०,००० मध्ये एक ठेवले तर सरासरी १०० मिनिटांतून एकदा, म्हणजे मुले त्याला विसरू लागली की. शिवाय ते जवळ कधीच येऊ नये. २४ ठोकळ्यांच्या आत गेले की त्याने नाहीसे व्हावे. त्याला मारता येऊ नये, आणि चुकून मेलेच तरी त्याच्याकडून काही मिळू नये. हिरे मिळू लागले की भुताची शिकार सुरू होते.

दारावरची पाटी

१९९० च्या दशकात कर्नाटकात ‘नाळे बा’ची गोष्ट पसरली होती. रात्री एक बाई दारोदार फिरते, ओळखीच्या माणसाच्या आवाजात हाक मारते, आणि जो दार उघडतो त्याचा घात होतो. त्यावर लोकांनी तोडगा काढला: दारावर ‘नाळे बा’, म्हणजे ‘उद्या ये’, असे लिहायचे. ती वाचते, परत जाते, उद्या येते, पुन्हा तेच वाचते. गावोगावच्या दारांवर हे शब्द खडूने लिहिलेले दिसत. बेळगावकडच्या मराठी माणसाला त्याचा अर्थ कुणी सांगावा लागत नाही.

खेळात घालायला याहून चांगले भूत मिळणे कठीण. तिची वेळ ठरलेली, जागा ठरलेली, तोडगाही ठरलेला. स्क्रिप्टने, म्हणजे ॲडऑनमध्ये लिहिलेल्या छोट्या प्रोग्रामने, रात्र झाली की खेळणाऱ्याजवळचे लाकडी दार शोधायचे, थाप वाजवायची, आणि दाराशेजारी लावलेल्या पाटीवरचा मजकूर वाचायचा. स्क्रिप्टला पाटीवरचा मजकूर वाचता येतो. ‘नाळे बा’ सापडले की पावलांचा आवाज लांब जात विरतो. सीमाभागासाठी बनवताना एक गोष्ट ध्यानात ठेवावी. मुले हे शब्द देवनागरीत लिहितील, कन्नड लिपीत लिहितील, रोमन लिपीतही टंकतील. तिन्ही रूपे आणि ‘उद्या ये’ हेही चालले पाहिजे. घरात कन्नड शाळेत जाणारा एक आणि मराठी शाळेत जाणारा एक असला, तर दोघांच्याही पाटीने घर वाचले पाहिजे.

थापेच्या आवाजाकडे विशेष लक्ष द्यावे. खेळात झोंबीही लाकडी दारावर धडका मारतात, आणि कठीण पातळीवर ते दार फोडतात. तोच आवाज वापरला तर भुताला कुणी ओळखणार नाही. तीन थापा, मध्ये थांबा, मग हाक. हाक घरातल्याच कुणाच्या आवाजात रेकॉर्ड करावी. ‘आलास काय रे?’ एवढे तीन शब्द आईच्या आवाजात पुरेत. फाइल मोनो ठेवावी, म्हणजे हाक दाराच्या बाजूनेच येते. स्टिरिओ ठेवली तर ती सगळीकडून ऐकू येते आणि भीतीची धार जाते.

उसातला चकवा

चकवा लागलेला माणूस रात्रभर चालतो आणि उजाडल्यावर कळते की तो एकाच बांधाभोवती फिरत होता. जांबोटी-कणकुंबीच्या रानात, जिथे मलप्रभा उगम पावते, आणि चिकोडी-निपाणीच्या उसात हे भूत सारखेच शोभते. खेळात ऊस पाण्याकाठी लावला की तीन ठोकळे उंच वाढतो, आणि खेळणाऱ्याची उंची असते १.८ ठोकळे. मोठा फड लावून त्यात शिरा, चारी बाजूंना फक्त हिरवी पाती दिसतात. चकव्यासाठी आयती जागा.

याला आकृती नसावी, असे माझे ठाम मत आहे. स्क्रिप्टने फक्त खेळणारा फडात कुठे शिरला ते लक्षात ठेवायचे. रात्री तो बाहेर पडू लागला की त्याचे तोंड हळूच वळवायचे आणि त्याला काही ठोकळे मागे नेऊन ठेवायचे. हे एका झटक्यात केले तर लगेच कळते. चकव्याला लबाडी हवी, म्हणून ऊस सगळीकडे सारखा दिसेल अशा जागीच हे करायचे. आणि बेडरॉकमध्ये स्थानाचे आकडे दाखवणारी सोय बंद ठेवलीच पाहिजे. जावात त्यासाठी डीबगची माहिती कमी करणारा नियम आहे. कोपऱ्यात आकडे दिसत असतील तर कोणता चकवा लागणार? तोडगा जुन्या माणसांनी सांगितलेलाच ठेवावा: भटकू नये, एका जागी बसून राहावे. खेळात वाकून बसण्याची क्रिया आहेच. रात्र सुमारे सात मिनिटांची असते. ती सगळी बसून काढली की चकवा सुटतो. सात मिनिटे फोन हातात धरून काहीच न करणे दहा वर्षांच्या मुलाला किती जड जाते, ते ज्याने पाहिले आहे त्याला या भुताची ताकद कळेल.

मुंजा पिंपळावर आणि गिऱ्हा पाण्यात राहतो, म्हणून त्यांनाही जागा सहज मिळते, जरी खेळात पिंपळ नाही आणि दुसरे झाड त्याच्या जागी चालवावे लागते. वेताळाला मात्र या रांगेत बसवू नये. गोवा-कोकणाला लागून असलेल्या भागात त्याची देवळे आहेत, त्याला नारळ चढतो. गावच्या राखणदाराचेही तसेच. ज्याला आजोबा हात जोडतात त्याला नातवाने तलवारीने मारायचे पात्र करू नये.

जुन्या संगणकांसाठी

माइनक्राफ्ट विकत घ्यावा लागतो. शाळेच्या जुन्या संगणकावर लुआंटी हा मुक्त पर्याय बरा. त्याचे काम २०१० मध्ये सुरू झाले, २०२४ पर्यंत नाव माइनटेस्ट होते. त्यातले मॉड लुआ या छोट्या, शिकायला सोप्या भाषेत लिहितात, आणि आठवी-नववीतला मुलगा काही दिवसांत पहिले पात्र उभे करू शकतो.

पात्र काढणे

ॲडऑन जगातून काढले की त्यातली पात्रे पुन्हा दिसत नाहीत, कारण खेळाला त्यांची ओळख उरत नाही. खेळाच्या स्वतःच्या ठोकळ्यांतून बांधलेले सगळे मात्र जागच्या जागी राहते: लावलेला ऊस, कौलारू घर, आणि दाराशेजारी ‘नाळे बा’ लिहिलेली पाटी.