काळवाद्य परवाना : अर्ज कोणी करावा, कागदपत्रे कोणती, आणि तातडीची परवानगी कशी मिळते

निनादखोऱ्यात काळ आपोआप पुढे सरकत नाही, तो वाजवावा लागतो. नगारखान्यात दर प्रहराला चौघडा झडतो, म्हणून सगळ्या घरांवर संध्याकाळ एकदमच उतरते. या सामाईक काळाला धक्का न लावता आपल्या घरापुरता, थोड्या वेळापुरता काळ हळू किंवा जलद करायचा असेल, तर काळवाद्य परवाना लागतो. साध्या वाद्याला तो लागत नाही. आजोबांच्या वेळचे वाद्य माळ्यावर सापडले आणि शंका आली, तर त्याच्यासमोर दिवा लावून एक स्वर छेडा. ज्योत थबकली तर ते काळवाद्य आहे. पुन्हा हात लावू नका, आधी अर्ज करा.

अर्जातला पहिला रकाना वाद्याच्या जातीचा आहे आणि निम्मी गडबड तिथेच होते. जाती चार : तत, अवनद्ध, सुषिर आणि घन. तंबोरा, वीणा ही तारांची ततवाद्ये काळ धरून ठेवतात. पखवाज, नगारा ही चामड्याने मढवलेली अवनद्ध वाद्ये त्याला पुढे ढकलतात. बासरी, सनई ही फुंकून वाजणारी सुषिर वाद्ये गेलेला क्षण परत आणतात, पण फक्त कानापुरता. त्या क्षणातला आवाज येतो, माणूस येत नाही. हे अर्जदाराला आधीच स्पष्ट सांगायला हवे असे मला मनापासून वाटते, कारण सुषिर वाद्याचा अर्ज करणारे बहुतेक लोक कुणाला तरी गमावून आलेले असतात.

चौथी जात घनवाद्यांची : टाळ, झांज, घंटा. चालू असलेला परिणाम तोडायचे काम त्यांचे. धरलेला काळ सोडवायला दुसरा उपाय नाही, म्हणून तंबोऱ्याच्या किंवा पखवाजाच्या अर्जासोबत एका टाळाची नोंद सक्तीची आहे. टाळाचा रकाना कोरा राहिला की अर्ज परत येतो.

पात्रता

अर्जदाराचे वय 16 पूर्ण हवे आणि त्याच्या नावावर उधार काळ नसावा. दुपारी 10 पळे (एक पळ म्हणजे 24 सेकंद) थांबवली, तर सूर्यास्ताच्या आत कुठेतरी 10 पळे जलद जगून हिशेब समेवर आणायचा, हा खोऱ्याचा जुना नियम आहे. घरातल्या एकाची बाकी दुसऱ्याच्या अर्जाला आडवी येत नाही, ही चांगली सोय आहे.

त्यानंतर परीक्षा. पाण्यावर घटिकापात्र ठेवतात : तळाला बारीक छिद्र असलेली तांब्याची वाटी, ती एका घटकेत, म्हणजे 24 मिनिटांत, भरून बुडते. अर्जदाराने तिच्याकडे पाठ करून वाजवायचे आणि वाटी बुडेल त्याच क्षणी समेवर, म्हणजे तालाच्या पहिल्या मात्रेवर, यायचे. घटकेची पळे 60; त्यात 2 पळांची चूक माफ आहे. तयारीच्या ताना इथे कुणी ऐकत नाही. सावकाश, एकसारखी लय धरणारा उत्तीर्ण होतो. घाई विलंबित लयीतच जास्त होते, तेव्हा रियाज विलंबितात करा.

कागदपत्रे

वाद्याचा जन्मदाखला लागतो : लाकूड कोणत्या झाडाचे आणि तोडताना त्याच्या बुंध्यात वलये किती होती. झाडाच्या वयापेक्षा जास्त काळ ते वाद्य धरू शकत नाही, म्हणून हा आकडा महत्त्वाचा. दाखला हरवला असेल तर कारागीर भोपळा, दांडी, घोडी पाहून नवा लिहून देतो. तंबोऱ्यासाठी जवारी (घोडीवर तारेला गुंजारव देणारी जुळणी) नीट लागल्याचा आणि पखवाजासाठी चामड्यावरची काळी शाई न तडकल्याचा त्याचा शेरा सोबत जोडा. 30 दिवसांची लयवहीही हवी, म्हणजे तारा उतरवून किंवा पखवाजाच्या वाद्या (चामड्याच्या पट्ट्या) सैल करून केलेल्या मुक्या रियाजाची रोजची नोंद. एकदम बसून लिहिलेली वही लेखणीच्या शाईवरून ओळखू येते. तसे करू नका.

सगळ्यात जास्त वेळ खाते ती शेजाऱ्यांची संमती. तुमचा आवाज जिथवर पोहोचतो तिथवरच्या प्रत्येक घराची सही लागते आणि ती हद्द रात्री मोजतात. दिवसा तापलेल्या जमिनीवरून आवाज वर वळतो. रात्री जमिनीलगतची हवा गार झाली की तोच आवाज खाली वळून लांब जातो. दिवसा मोजून सह्या आणलेल्यांना पुन्हा दारोदार फिरावे लागते. शेजारी नकार देत असेल तर त्याच्यावर रागावू नका. त्याचे दूध नासते, त्याचे मूल अवेळी जागे होते. वाजवण्याची वेळ दोघांनी मिळून ठरवली, तर सशर्त संमतीही चालते.

शुल्क पैशांत नाही. नगारखान्यात एक प्रहर सेवा करायची, म्हणजे साडेसात घटका. निकाल 15 दिवसांत मिळतो.

तातडीची परवानगी

वरचे काहीही जमणार नाही अशी वेळ घरावर येते. कुणीतरी अंथरुणाला खिळलेले असते, लेक अजून वाटेत असते. त्यासाठी अंत्यघटका परवानगी आहे. तिला परीक्षा नाही, संमती नाही, शुल्क नाही. नगारखान्याचा वादक स्वतः तंबोरा घेऊन घरी येतो आणि जास्तीत जास्त एक प्रहर काळ धरून ठेवतो. ती उधारी घरच्यांना फेडावी लागत नाही. सगळे खोरे मिळून फेडते, प्रत्येकाच्या वाट्याला पळाचाही अंश येत नाही.

माझ्या आजीच्या वेळी आम्ही नेहमीचा अर्ज भरून रांगेत उभे राहिलो. आमची घाई दिसत असूनही खिडकीवरच्या माणसाने दुसरी वाट सांगितली नाही. आमचा क्रमांक येईपर्यंत ती गेली होती. ही माहिती मी लिहितो ती त्यासाठी.

ही परवानगी लेखी मागायची नसते. दिवस असो की रात्र, नगारखान्याच्या मागच्या दाराची लहान घंटा तीनदा वाजवा. घर कुठे आहे आणि कुणाची वाट पाहत आहात, एवढेच सांगा. वादक निघेल, तुम्ही त्याच्या पुढे धावत घरी जा आणि दार उघडे ठेवा.