पुण्याचे तांबट: दरबारी कामापासून बंबापर्यंत

पुण्याच्या कसबा पेठेतली तांबट आळी वसली ती पेशवाईत. त्वष्टा कासार, बोलीभाषेत तांबट, हे कारागीर कोकणातून राजधानीच्या मागणीमागे घाटावर आले. विश्वकर्म्याच्या पाच पुत्रांमध्ये मनूकडे लोखंड, मयाकडे लाकूड, त्वष्ट्याकडे तांबं, शिल्पीकडे दगड आणि विश्वज्ञाकडे सोनं, अशी वाटणी परंपरा सांगते. त्यातल्या त्वष्ट्याचा वंश आपला, असं ही मंडळी मानतात. कुलदेवता कालिका. पुण्यात वाड्यांना हंडे, घंगाळं, पूजेची उपकरणी लागत. शिवाय नाणी आणि शस्त्रांचं दरबारी काम असे.

त्यांच्या कसबाचं मर्म मठारकामात आहे. तांबं भट्टीत तापवलं की मऊ पडतं, गार असताना ठोकलं की कडक होतं. भांड्याला आकार आला, की त्याच्या सगळ्या अंगावर ओळीने हातोडा चालवून त्याला ताठपणा द्यायचा. आज गिऱ्हाईक त्या चकाकत्या ठिपक्यांकडे नक्षी म्हणून पाहतं. पण मठार दिला नाही, तर भरलेल्या हंड्याला पोचे पडायला वेळ लागत नाही.

१८१८ मध्ये पेशवाई बुडाली, दरबारी काम गेलं आणि घरगुती भांड्यांवरच सगळी भिस्त आली. पूर्वी मोडीत आलेली भांडी वितळवून, ठोकून पत्रा तयार करावा लागे. इंग्रजी अमदानीत विलायतेचा तयार पत्रा मुंबई बंदरात उतरू लागला, आणि १८६३ मध्ये बोरघाटातून रेल्वे धावू लागल्यावर तो पुण्यात आणणं सोपं झालं. या धंद्याच्या पडझडीचं खापर नेहमी स्टेनलेस स्टीलवर फुटतं. मला मात्र पत्र्याचा बदल अधिक खोल वाटतो. धंदा त्याने मोडला नाही, उलट पुणं तांब्यापितळेची मोठी पेठ झालं. पण कामाचा पहिला, सर्वांत कष्टाचा टप्पा कारागिराच्या हातून कायमचा गेला.

स्टील आणि अ‍ॅल्युमिनियमने नंतर स्वयंपाकघर घेतलं. त्यांना कल्हई लागत नाही, हे मोठंच कारण. गॅस-गिझर आले आणि न्हाणीघरातला पाणी तापवायचा तांब्याचा बंबही गेला. अनेक घरांतली पुढची पिढी नोकरीकडे वळली. अलीकडे इंटॅकसारखी वारसा जपणारी संस्था आणि काही डिझायनर यांच्यामुळे दिवे, ताटं, शोभेच्या वस्तू अशी लहान कामं येऊ लागली आहेत. पूर्वी भांडं वजनावर विकलं जाई, किमतीत धातूचाच वाटा मोठा असे. नगावर विकल्या जाणाऱ्या या वस्तूंत मठाराची मजुरी निदान वेगळी मागता येते.