लेस्बियन, समलिंगी आणि ‘त्या दोघी’

साताऱ्याकडच्या एखाद्या गावात दोन बायका वर्षानुवर्षं एका घरात राहत असल्या, एकीचं दुखलंखुपलं दुसरी बघत असली, तरी त्यांच्याबद्दल बोलायला गावाला वेगळं नाव लागत नाही. ‘त्या दोघी’ एवढ्यावर भागतं. मराठीत ही सोय मुळातच आहे. दोन पुरुष असले की ‘दोघे’, एक बाई नि एक पुरुष असला की ‘दोघं’, आणि दोन्ही बायका असल्या की ‘दोघी’. हिंदीतल्या ‘दोनों’मधून यातलं काहीच कळत नाही. ‘त्या दोघी’ म्हणजे जावा-जावा असतील, मायलेकी असतील, शाळेतल्या बाई आणि त्यांची मैत्रीण असेल. पण ‘त्या’वर जरा रेंगाळून, भुवई उचलून म्हटलं की ऐकणाऱ्याला कळायचं ते कळतं. काव्यशास्त्रानं शब्दाच्या अभिधा (सरळ अर्थ), लक्षणा (वळवून घेतलेला अर्थ) आणि व्यंजना (सुचवलेला अर्थ) अशा तीन शक्ती सांगितल्यात. इथे अभिधा दोन बायकांपाशी थांबते, पुढचं सगळं काम व्यंजनेचं.

स्त्रीवर प्रेम करणाऱ्या स्त्रीसाठी मराठीत शब्दच नाही, असं सर्रास म्हटलं जातं. ते अर्धंच खरं आहे. शब्द आहेत, पण बहुतेक बाहेरून बघणाऱ्यांनी ठेवलेले. ती काय करते, कशी चालते, कोणत्या कलमात बसते, कोणत्या रोगाच्या यादीत येते, यावरून पडलेली ही नावं आहेत. म्हणून प्रत्येकाला आपापल्या जागेचा वास लागलाय.

छापील मराठीतला नेहमीचा शब्द ‘समलिंगी’. तो इंग्रजी ‘होमोसेक्शुअल’च्या साच्यावर घडलेला आहे. गंमत अशी की ‘सम’ आणि ग्रीक ‘होमो’ हे एकाच मूळ शब्दाचे दोन फाटे. संस्कृतात शब्दाच्या सुरुवातीला ‘स’ असतो तिथे ग्रीकमध्ये पुष्कळदा ‘ह’ येतो. आपलं ‘सप्त’ त्यांचं ‘हेप्टा’, तसंच हे. मूळ जर्मन शब्द कार्ल-मारिया केर्टबेनी या लेखकानं १८६८ मध्ये एका पत्रात प्रथम वापरला आणि १८६९ मध्ये प्रशिया या जर्मन राज्यातल्या, अशा संबंधांना शिक्षा देणाऱ्या कलमाविरुद्ध काढलेल्या पत्रकात छापला. त्याला शिवी नसलेला शब्द हवा होता. पुढे मनोविकारतज्ज्ञांनी तो उचलला आणि त्याला दवाखान्याचा वास लागला.

मराठीत आणखी एक अडचण झाली, ती ‘लिंग’ या शब्दाची. त्याचा मूळ अर्थ खूण, चिन्ह. न्यायशास्त्रात धूर हे अग्नीचं लिंग. व्याकरणाच्या तासाला तेच पुल्लिंग-स्त्रीलिंग, देवळात शिवलिंग, जीवशास्त्रात नर-मादी हा भेद आणि बोलताना थेट अवयव. त्यामुळे ‘समलिंगी’ म्हटलं की ऐकणाऱ्याच्या डोक्यात आधी शरीर येतं, माणूस मागाहून. ‘लैंगिक’चं तर विचारूच नका. रोजच्या वर्तमानपत्रात त्याच्या शेजारी ‘शोषण’, ‘छळ’, ‘अत्याचार’ हेच शब्द असतात, आणि त्या शेजाराचा डाग ‘समलैंगिक’वरही पडतो.

वापरताना होणारी पहिली चूक व्याकरणाची आहे. ‘समलिंगी’ हे नात्याचं विशेषण. समलिंगी जोडपं, समलिंगी विवाह, समलिंगी आकर्षण इथे ते चोख बसतं, कारण दोन माणसं आहेत आणि त्यांचं लिंग एक आहे. ‘समलिंगी स्त्री’ म्हटलं की प्रश्न उरतो, कुणाशी सम? एकट्या व्यक्तीबद्दल बोलायचं तर ‘समलैंगिक स्त्री’ किंवा सरळ ‘लेस्बियन’ बरं. रूढीनं ‘समलिंगी स्त्री’ही चालतं, त्यावर कुणाला अडवण्याचं कारण नाही.

दुसरी चूक मात्र खरोखर दिशाभूल करते. स्त्री आणि पुरुष दोघांकडेही ओढ असलेल्या व्यक्तीला ‘उभयलिंगी’ म्हणतात. शाळेच्या विज्ञानात उभयलिंगी म्हणजे गांडूळ, एकाच शरीरात नराची आणि मादीची अशी दोन्ही इंद्रियं असलेला प्राणी. जास्वंदीचं फूल द्विलिंगी, तेही याच अर्थानं. तो शब्द शरीररचनेचा आहे, मनाच्या ओढीचा नाही. ‘उभयलैंगिक’ म्हटलं तर निदान गांडूळ मध्ये येत नाही. तशीच गफलत ‘तृतीयपंथी’ची. लेस्बियन स्त्री स्वतःला स्त्रीच मानते. तिला तृतीयपंथी म्हणणं म्हणजे ‘मी कोण’ आणि ‘मला कोण आवडतं’ हे दोन वेगळे प्रश्न एकात कालवणं. पहिल्या प्रश्नासाठी मराठीत ‘लिंगभाव’ रुळतोय, दुसऱ्यासाठी ‘लैंगिक कल’.

आणि ‘भिन्नलिंगी’साठी काही जण ‘विषमलिंगी’ लिहितात, तेव्हा हसू येतं. बाजारपेठेत सम-विषम तारखेच्या पार्किंगच्या पाट्या वाचणाऱ्या माणसाला त्यातून काय कळावं? शब्दाच्या हिशेबानं जुळलेले ते समलिंगी आणि विषम ते बाकीचे सगळे.

‘लेस्बियन’चा प्रवास याहून लांबचा आणि जास्त वळणांचा आहे. लेस्बॉस हे तुर्कस्तानच्या किनाऱ्याजवळचं ग्रीक बेट. इसवी सनापूर्वी ६०० च्या सुमारास तिथे सॅफो ही कवयित्री होऊन गेली. तिच्या उरलेल्या ओळींत स्त्रीनं स्त्रीसाठी केलेलं आर्जव आहे. पण शब्द लगेच तिच्या मागे गेला नाही. अ‍ॅरिस्टॉटल लेस्बॉसच्या गवंड्यांच्या शिशाच्या पट्टीचा दाखला देतो. दगडाच्या आकाराप्रमाणे वाकणारं ते माप, आणि त्यावरून इंग्रजीत ‘लेस्बियन रूल’ म्हणजे परिस्थिती पाहून वाकणारा नियम असा अर्थ काही काळ होता. जुन्या ग्रीकमध्ये या बेटाच्या नावावरून झालेलं एक क्रियापद तर पुरुषाशी केलेल्या मुखमैथुनासाठी होतं. स्त्री-समलैंगिकतेचा अर्थ युरोपात पक्का झाला तो १९व्या शतकात. २००८ मध्ये लेस्बॉसच्या तीन रहिवाशांनी या शब्दाच्या वापराविरुद्ध ग्रीक न्यायालयात दावा लावला, कारण बेटावरचा प्रत्येक माणूस, पुरुषसुद्धा, ‘लेस्बियन’च. दावा फेटाळला गेला. आपल्याकडे हा शब्द आला तो बेटाशिवाय आणि सॅफोशिवाय. त्यामुळे मराठी कानाला तो तांत्रिक, इंग्रजी, थोडा शहरी वाटतो. त्याचा फायदा असा की मराठीत त्याला शिवीचा इतिहास नाही. तोटा असा की आजीला तो कळत नाही, आणि इंटरनेटवर पहिल्यांदा भेटतो तो अश्लील चित्रफितींच्या शीर्षकात.

सॅफोचं नाव पुढे येण्याआधी युरोपात चालत होता तो शब्द ‘ट्रिबेड’, ग्रीक ‘घासणे’ या धातूवरून. अरबीत ‘सह्क’, म्हणजे घासणं, कुटणं, आणि त्यावरून ‘सहाकिया’. चिनी भाषेत ‘आरसे घासणे’ असा वाक्प्रचार. तीन भाषांनी एकाच जागी नजर खिळवली आणि एकच क्रिया उचलली! यातून त्या बायकांपेक्षा नाव ठेवणाऱ्यांचं कुतूहल जास्त कळतं. लखनौच्या रेख्तीत, म्हणजे बायकांच्या बोलीत रचलेल्या उर्दू कवितेत, मात्र अशा शब्दांशेजारी दुसरा गोड शब्द सापडतो, ‘दुगाना’. एका कवचात दोन गर असलेला बदाम दोघींनी वाटून खाल्ला की त्या एकमेकींच्या दुगाना. आपल्याकडे जुळं केळं गरोदर बाईला देत नाहीत. तिथे जुळ्या बदामानं नातं बांधलं.

संस्कृत ग्रंथांत काय आहे? मनुस्मृतीच्या आठव्या अध्यायात कन्येनं कन्येला भ्रष्ट केलं तर २०० ‘पण’ (तेव्हाचं नाणं) दंड, दुप्पट शुल्क (वधूमूल्य) आणि १० फटके सांगितलेत. प्रौढ स्त्रीनं केलं तर मुंडण किंवा दोन बोटं तोडून गाढवावरून धिंड. पण त्या स्त्रीला नाव दिलेलं नाही, फक्त क्रियापद आहे. सुश्रुतसंहितेच्या शारीरस्थानात दोन स्त्रियांच्या संबंधातून हाडं नसलेला गर्भ होतो असं विधान आहे. विज्ञान म्हणून ते चूक, पण अशा संबंधाची नोंद म्हणून महत्त्वाचं. त्याच अध्यायात पुरुषांसाठी आसेक्य, सौगंधिक, कुंभीक, ईर्ष्यक, षंढ अशी पाच नावं. स्त्रीसाठी एक, ‘नरचेष्टिता’. पुरुषासारखी वागणारी.

‘स्वैरिणी’ म्हणजे प्राचीन लेस्बियन, असं समाजमाध्यमांवर ठासून सांगितलं जातं. जरा जपून. कामसूत्रात औपरिष्टकाच्या, म्हणजे मुखमैथुनाच्या प्रकरणात ती कुलटा, परिचारिका, संवाहिका यांच्या रांगेत येते. शब्दाचा अर्थ ‘आपल्या मर्जीनं चालणारी’, एवढाच. बाईची मर्जी म्हटल्यावर शब्द घसरायला किती वेळ लागतो ते आजच्या मराठीतही दिसतं. अनुवाद ‘स्वैर’ असला तर चालतो, बाई ‘स्वैर’ असली की स्वैराचार.

सुश्रुताची ‘नरचेष्टिता’ साताऱ्या-सांगलीच्या बोलीत अजून जिवंत आहे: ‘गड्यागत वागती’, ‘बाप्यागत चालती’, ‘पुरुषी हाय’. पुरुषांकडे बघा, ‘बायल्या’, ‘नाच्या’, शिवाय अर्वाच्य अशा कितीतरी शिव्या. बायकांसाठी शिव्या कमी, पण म्हणून समज जास्त आहे असं नव्हे. बाईची ओढ कुणी मोजण्याजोगी धरलीच नाही, म्हणून तिला नाव पडलं नाही. जी नावं पडली ती केस, शर्ट, मोटरसायकल आणि आवाज यांना. साडी नेसून, मंगळसूत्र घालून, मैत्रिणीवर जीव टाकणारी बाई या शब्दांच्या जाळ्यातून सहज सुटते, आणि नुसती आडदांड मुलगी, जिचं लग्न पुरुषाशी आवडीनं झालेलं असतं, ती अडकते. इथे बाहेरून आलेल्या समुपदेशकाचा हमखास गोंधळ होतो. सांगली-कोल्हापूरकडच्या बायका ‘मी आलो’, ‘मी जेवलो’ असं बोलतात. हा या भागाच्या बोलीचा धर्म आहे. पुण्या-मुंबईच्या कानाला तो ‘पुरुषी’ लागतो. त्यावरून लिंगभावाचं किंवा कलाचं निदान काढणं म्हणजे शुद्ध अडाणीपणा.

कायद्यानं दिलेला शब्द ‘अनैसर्गिक’. भारतीय दंडसंहितेचं ३७७ कलम १८६२ पासून लागू झालं. त्याच्या व्याख्येत प्रवेशाची अट होती, म्हणून दोन स्त्रियांचं नातं त्यात नीट बसतच नव्हतं. धमकीला मात्र ते पुरत होतं. ६ सप्टेंबर २०१८ ला सर्वोच्च न्यायालयानं सज्ञान व्यक्तींच्या संमतीच्या संबंधांना त्यातून बाहेर काढलं. वैद्यकात अमेरिकन मनोविकारतज्ज्ञांच्या संघटनेनं १९७३ मध्ये आणि जागतिक आरोग्य संघटनेनं १९९० मध्ये समलैंगिकता आजारांच्या यादीतून काढली. तरी आपल्या वैद्यकीय शिक्षणात न्यायवैद्यकाच्या अभ्यासक्रमात ‘लेस्बियनिझम’ अनैसर्गिक गुन्ह्यांच्या रांगेत बसलेलं होतं. ते गेलं, आणि २०२४ च्या ऑगस्टअखेर राष्ट्रीय वैद्यकीय आयोगाच्या नव्या मार्गदर्शिकेतून परत आलं. ओरड झाल्यावर काही दिवसांत ती मागे घेतली गेली. शेवटचा ‘-इझम’ बघा; माणसाची ओढ त्यानं एखाद्या व्यसनासारखी किंवा पंथासारखी वाटते. बातम्यांतही हीच तऱ्हा. दोन सज्ञान तरुणी स्वतःहून घर सोडतात आणि मथळ्यात एक दुसरीला ‘पळवते’ किंवा ‘जाळ्यात ओढते’.

लेस्बियन बायकांनी स्वतःच्या गटांसाठी कोणती नावं निवडली हे बघितलं की वेगळी हवा लागते. १९९१ मध्ये दिल्लीत ‘सखी’, १९९५ मध्ये मुंबईत ‘स्त्री संगम’, १९९९ मध्ये कोलकात्यात ‘सॅफो’, केरळात ‘सहयात्रिका’. ‘संगम’ आपल्या माणसाला समजावून द्यावा लागत नाही. माहुलीला कृष्णा-वेण्णेचा, हरिपूरला कृष्णा-वारणेचा. तीर्थाचा शब्द, आणि संस्कृतात मीलनाचाही. दोन्ही अर्थ एकत्र वाहतात, आणि तक्रार करायला कुणाला जागा राहत नाही. ठपक्याचा शब्दच आपला म्हणून मिरवण्याचा दुसरा मार्ग सांगलीला चांगला माहीत आहे. इथल्या धंदा करणाऱ्या बायकांच्या संघटनेचं नावच ‘वेश्या अन्याय मुक्ती परिषद’. सौम्य पर्याय असताना त्यांनी तो शब्द पाटीवर ठेवला.

सरकारी पातळीवर शब्द ठरवण्याचा एक दाखला तामिळनाडूचा. दोन तरुणींनी संरक्षण मागितलेल्या प्रकरणात मद्रास उच्च न्यायालयानं २०२१ मध्ये आदेश दिले आणि २०२२ मध्ये राज्य सरकारनं अशा व्यक्तींबद्दल मानानं बोलण्यासाठीची तमिळ शब्दावली राजपत्रात छापली. वाईला विश्वकोशाची परंपरा असलेल्या मराठीला हे जड जाऊ नये.

शब्दाचा खरा कस लागतो तो तालुक्याच्या दवाखान्यात. बाईला विचारतात, ‘संबंध येतात का?’ मराठीत हा ‘संबंध’ म्हणजे पुरुषाशीच. ती खरं तेच सांगते, ‘नाही’. कागदावर ‘लैंगिक संबंध नाहीत’ असं पडतं आणि गर्भाशयमुखाच्या कर्करोगाच्या तपासणीतून तिचं नाव गळतं. या कर्करोगामागचा मानवी पॅपिलोमा विषाणू त्वचेच्या स्पर्शातून जातो, दोन स्त्रियांमध्येही. शिवाय अनेकींचं आधी लग्न झालेलं असतं. सरकारी कार्यक्रमात ३० ते ६५ वयाच्या सगळ्याच स्त्रियांची दर ५ वर्षांनी ही तपासणी अपेक्षित आहे. ३ ते ५ टक्के अ‍ॅसिटिक अ‍ॅसिड लावून मिनिटभर थांबायचं, पांढरा डाग उठतो का ते पाहायचं, एवढंच काम. त्यासाठी प्रश्न असा हवा: ‘शरीरसंबंध आला असेल तर पुरुषाशी, बाईशी, की दोघांशी?’ आवाज तोच, जो ‘साखर आहे का, बीपी आहे का’ विचारताना असतो. सासू सोबत असेल तर तिला आधी बाहेर बसवायचं. ‘तुम्ही लेस्बियन आहात का?’ हा प्रश्न टाळलेला बरा. त्यावर बहुतेकींचं उत्तर ‘नाही’ येतं, कारण तो शब्द त्यांनी स्वतःसाठी कधी वापरलेलाच नसतो. तिनं ‘माझी मैत्रीण’ म्हटलं तर पुढच्या वाक्यात आपणही ‘मैत्रीण’च म्हणायचं.

‘लैंगिक पसंती’ आणि ‘निवड’ हे शब्द फॉर्मवरून काढावेत. पसंती दुकानात करतात. मराठीच्या वाक्यरचनेला हे आधीपासून ठाऊक आहे. ‘मला ती आवडते’ यात कर्ता ‘ती’ आहे. ‘मला’ नुसती चतुर्थीत, तिच्याकडे काही करायला नाही. ‘तिला बायकाच आवडतात’ हे वाक्य गावातल्या आरोग्यसेविका आशाताईलाही कळतं, आईलाही, आणि त्यात लिंग नाही, कलम नाही, बेटही नाही.